गवंडी नावाचा मुलगा

आमच्या वरच्या मजल्यावरच्या काकूंच्या नातवाचं बारसं तो सव्वा वर्षाचा झाल्यावर झालं. मुलगा-सून अमेरिकेत, पोर तिकडेच झालेलं, कोथरूडला पहिल्यांदाच आणलेलं. पाळण्यात मावेना, बसवलं की कडी धरून उभं राहायचं. तरी काकूंनी हट्टानं पाळणा सजवला, घुगऱ्या केल्या. ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या’ झालं. आत्या पोराच्या कानाशी वाकली, बायकांनी तिच्या पाठीत रीतसर बुक्के घातले आणि तिनं नाव सांगितलं, मेसन.

नाव सगळ्यांना आधीपासून ठाऊक होतं. काकू वर्षभर फोनवर ‘मेसू, मेसू’ करत होत्याच. पण चारचौघांत मोठ्यानं उच्चारलं की नाव वेगळंच ऐकू येतं. कोपऱ्यातल्या खुर्चीवरच्या एका आजींनी विचारलं, “म्हणजे काय रे बाळा?” पुण्यात हा प्रश्न चुकत नाही. मुलगा सरळमार्गी. म्हणाला, “मेसन म्हणजे गवंडी, आजी.”

घुगऱ्यांच्या वाट्यांतले चमचे थांबले. काकूंनी मुलाकडे असं पाहिलं की जणू त्यानं पाहुण्यांसमोर पगार सांगितला. मग कुणीतरी प्रसंग सावरला. “म्हणजे विश्वकर्माच की!” आणि सगळ्या खोलीला हायसं वाटलं. मलाही वाटलं. घरी जिना उतरताना त्याची लाज वाटली. हा लेख त्या हायसं वाटण्याबद्दल आहे.

आधी नावाचं सांगतो. मेसन हे मुळात आडनाव. दगड घडवणारा, भिंत रचणारा कारागीर, तो मेसन. शब्द जुन्या फ्रेंचमधून इंग्रजीत आला. इंग्लंडात तेराव्या-चौदाव्या शतकांत आडनावं घट्ट होऊ लागली तेव्हा गावातला जो गवंडी त्याच्या घराला हे नाव चिकटलं. तसंच गाडी हाकणारा तो कार्टर, कौलं घालणारा तो टायलर, लाकडी पिंपं बांधणारा तो कूपर. पुढे नातू-पणतू शेती करू लागले, वकील झाले, जहाजावर गेले. नाव मात्र राहिलं. धंदा सुटला आणि नाव मोकळं झालं. मग ते मोकळं नाव लोकांनी उचलून मुलांच्या पुढे लावायला सुरुवात केली. २०११ साली अमेरिकेत जन्मलेल्या मुलग्यांच्या नावांत मेसन दुसऱ्या क्रमांकावर होतं. त्या मुलांच्या आईबापांपैकी कितीजणांनी ‘गवंडी’ हा अर्थ मनात धरला असेल? फारच थोड्यांनी. ज्यांनी धरला, त्यांनाही तो आवडलाच असणार. हातानं काही उभं करणारा माणूस; त्यात ओशाळण्यासारखं काय आहे?

आडनाव उचलून पहिलं नाव करायची ही रीत तिकडे जुनीच. सोळाव्या-सतराव्या शतकांपासून इंग्लंडातली जमीनदार घराणी हे करत आली. त्यामागे बहुतेक वेळा आईचं माहेर असे. माहेरच्या घराण्यात मुलगा उरला नाही, नाव बुडणार, तर लेकीच्या मुलाला तेच नाव द्यायचं. अमेरिकेत ही रीत सर्वांची झाली. राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सनचं वुड्रो हे त्याच्या आईचं माहेरचं आडनाव. जॉन फिट्झगेराल्ड केनेडीमधलं फिट्झगेराल्डही आईकडचं. बाप नेहमीप्रमाणे शेवटी जाऊन बसलाच आहे, पण आईचं घर निदान मध्ये तरी उभं आहे.

आपल्याकडे याच्या अगदी उलट चाललं होतं. लग्नात ताटात तांदूळ पसरायचे आणि अंगठीनं त्यावर नवं नाव लिहायचं. आडनाव तर जायचंच, पहिलं नावही जायचं. कुर्लेकरांची यमुना रानड्यांच्या घरी येऊन रमाबाई झाली आणि पुढे पुण्याच्या सेवासदनाला घडवणारी म्हणून तिला त्याच नावानं ओळखलं गेलं. डॉक्टर आनंदीबाई जोशीसुद्धा माहेरी यमुनाच होती. दोन यमुना, दोन्ही तांदळाखाली गेल्या. त्यांच्या माहेरची आडनावं नातवाच्या पाळण्यापर्यंत पोचायचा प्रश्नच नव्हता.

पण माझा मुद्दा आईच्या नावाशी संपत नाही. ‘मेसन’ अमेरिकेत गोड वाटतं, ‘गवंडी’ कोथरुडात चमचे थांबवतं, याचं कारण शब्दाच्या अर्थात नाही. दोन्हींचा अर्थ एकच आहे. तिकडे धंदा आणि माणूस यांची फारकत झाली, तेव्हा नाव रिकामं झालं. आपल्याकडे धंदा गेला, गवंड्याचा पणतू हिंजवडीत सॉफ्टवेअर लिहू लागला, तरी नावामागची जात उठून गेली नाही. नाव रिकामं व्हायला आपण वेळच दिला नाही.

कुणी म्हणेल, आपली आडनावं फार पवित्र, पिढ्यान्‌पिढ्यांची, त्यांना हात कसा लावायचा. पुण्यातल्या माणसानं तरी हे म्हणू नये. या शहराचा अर्धा इतिहास आडनावं बदललेल्या माणसांनी घडवला. पेशवे मूळचे भट. रास्ते मूळचे गोखले, आणि त्यांच्या नव्या आडनावाची अख्खी पेठ झाली. नाना फडणवीस म्हणजे बाळाजी जनार्दन भानू. दरबारातली फडणिशी इतकी अंगात मुरली की भानू हे नाव आता अभ्यासकांनाच आठवतं. जोतीरावांचं घराणं कटगुणचं, मूळ आडनाव गोऱ्हे. पुण्यात येऊन घरातली माणसं पेशव्यांकडे फुलं पुरवू लागली आणि फुले झाली. पिंपं बांधणाऱ्याचा कूपर व्हावा तसा गोऱ्ह्यांचा फुले झाला. धंद्यावरून, गिऱ्हाइकांच्या तोंडून.

आणि दगडूशेठ. पुण्यात ज्या गणपतीसमोर हात जोडल्याशिवाय माणूस नवीन गाडीला हार घालत नाही, त्या गणपतीचं नाव एका मिठाईवाल्याचं आहे. आडनाव गडवे. धंदा हलवायाचा. नाव दगडू. म्हणजे शब्दशः ‘दगड नावाचा मिठाईवाला’. मूल जगावं म्हणून पूर्वी दगडू, धोंडू अशी नावं ठेवत. दृष्ट लागू नये, यमानंही नाक मुरडून पुढे जावं. अर्थ हलका असला तरी आईबापांच्या जिवाचं सगळं ओझं त्यावर असायचं. आज तेच पुणं ‘दगडूशेठला जाऊन आलो’ म्हणतं तेव्हा तो माणूस, त्याचं दुकान आणि देव, तिन्ही एका नावात मिसळलेले असतात. त्यातला दगड कुणाला टोचत नाही.

आज बारशाच्या आधी दोन महिने मोबाईलवर शोध सुरू होतो. नाव दोन-अडीच अक्षरांचं हवं, वर्गात दुसऱ्या कुणाचं नको, इंग्रजी स्पेलिंग सोपं हवं आणि अर्थ तर हवाच हवा. मग कुठल्याही शब्दकोशात नसलेल्या शब्दापुढे ‘विष्णूचा अंश’ किंवा ‘सूर्याचा पहिला किरण’ असं लिहिलेलं सापडतं आणि घर समाधान पावतं. मला त्या नावांशी भांडण नाही. कानाला बरी लागतात. पण नावाचा अर्थ यादीत सापडतो ही समजूत मात्र मला साफ चुकीची वाटते. मला ती चूक गहुंज्याच्या स्टेडियममध्ये कळली.

ऑक्टोबर २०२४. भारत-न्यूझीलंड कसोटी, पहिला दिवस. मी पुतण्याबरोबर गेलो होतो. न्यूझीलंड तीन बाद १९७, सामना आरामात चाललेला. पहिल्या कसोटीनंतर संघात घेतलेला एक उंच मुलगा ऑफस्पिन टाकत होता. त्यानं रचिन रवींद्रचा त्रिफळा उडवला आणि मग रांगच लागली. २५९ वर सगळे बाद. त्याचे ५९ धावांत सात बळी, त्यातले पाच त्रिफळाचीत. सामना पुढे आपण ११३ धावांनी हरलो आणि मालिकाही गेली, ते सोडा. पण त्या दुपारी आमच्या मागच्या रांगेत तीन गृहस्थांचा वेगळाच सामना रंगला होता.

“वॉशिंग्टन सुंदर. यातलं आडनाव कुठलं?”

“सुंदर. शेवटी असतं ते आडनाव.”

“सुंदर कधी आडनाव असतं का? ते तर नाव आहे. आडनाव वॉशिंग्टन असणार, उलटं लावलंय. ख्रिश्चन असेल.”

“तमिळ लोक आडनाव लावतच नाहीत हो. बापाचं नाव लावतात.”

“मग वॉशिंग्टन हे नाव? असं कसं कुणी ठेवेल?”

तिसरा गृहस्थ बरोबर बोलत होता, आणि पुण्याच्या नियमानुसार त्याचं कुणी ऐकलं नाही. सुंदर हे वडिलांचं नाव. घर हिंदू. चेन्नईच्या ट्रिप्लिकेन भागात राहणारा हा सुंदर चांगला क्रिकेट खेळायचा, पण घरची ओढाताण. जवळच पी. डी. वॉशिंग्टन नावाचे सैन्यातून निवृत्त झालेले एक गृहस्थ राहत. त्यांना क्रिकेटचं वेड. त्यांनी या पोराची शाळेची फी भरली, गणवेश घेऊन दिला, पुस्तकं घेतली, सायकलवर बसवून मैदानावर नेलं. १९९९ साली ते वारले. त्याच वर्षी ऑक्टोबरात सुंदरला मुलगा झाला. रीतीप्रमाणे बापानं बाळाच्या कानात देवाचं नाव सांगितलं, श्रीनिवासन. पण मुलाचं नाव ठेवलं वॉशिंग्टन.

आता यादी उघडून अर्थ पाहा. इंग्लंडच्या ईशान्येला वॉशिंग्टन नावाचं गाव आहे. जुन्या इंग्रजीत त्याचा अर्थ लावतात तो साधारण असा, ह्वासा नावाच्या कुणाच्या तरी मंडळींची वस्ती. आपल्या भाषेत ह्वासवाडी. बाराव्या शतकात त्या गावी राहायला आलेल्या एका सरदारानं गावाचं नाव लावलं, म्हणजे तो ह्वासवाडीकर झाला. आपल्या सगळ्या ‘कर’ मंडळींनी केलं तेच. त्याच्या वंशात अमेरिकेचा पहिला अध्यक्ष झाला. मग आडनाव पहिल्या जागी जाऊ लागलं. १७८३ साली जन्मलेला लेखक वॉशिंग्टन आयर्व्हिंग, त्याचं नाव या अध्यक्षावरूनच ठेवलेलं.

पुढचं वळण मला सर्वांत जास्त धरून ठेवतं. गुलामीत जन्मलेला एक मुलगा, नाव नुसतं बुकर. गुलामी संपल्यावर तो शाळेत गेला. मास्तर हजेरी घेत होते आणि प्रत्येक पोराला दोन-दोन नावं होती. याच्याकडे एकच. आपली पाळी येईपर्यंत त्यानं ठरवून टाकलं आणि मास्तरांनी विचारल्यावर शांतपणे सांगितलं, बुकर वॉशिंग्टन. त्याच्या सावत्र बापाचं पहिलं नाव वॉशिंग्टन होतं. पुढे थोर शिक्षणतज्ज्ञ झाल्यावर आत्मचरित्रात हा प्रसंग त्यानंच सांगितला आहे. आडनावाचं पहिलं नाव झालं होतं, त्याचं हजेरीच्या वहीत पुन्हा आडनाव झालं. अमेरिकेच्या २००० सालच्या जनगणनेत वॉशिंग्टन आडनावाच्या माणसांपैकी सुमारे ९० टक्के कृष्णवर्णीय निघाले. स्वतः गुलाम बाळगणाऱ्या माणसाचं नाव आज मुख्यतः कुणाच्या दारावर आहे, ते पाहा. आणि तेच नाव तिथून चेन्नईच्या सायकलवर, आणि तिथून गहुंज्याच्या धावफलकावर.

या नावाचा अर्थ ‘ह्वासाची वस्ती’ असा कुणी सांगितला तर तो खराच आहे आणि त्याचा उपयोग शून्य आहे. वॉशिंग्टन सुंदर या मुलापुरता त्या नावाचा अर्थ आहे शाळेची फी. गणवेश. सायकलचा दांडा.

उपकाराची जाण ठेवून परक्या धर्मातलं नाव घ्यायचं, हे आपल्याला अगदीच नवं नाही. मालोजीराजांनी अहमदनगरच्या शाह शरीफ पीराच्या नवसानं झालेल्या मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. म्हणजे छत्रपती शिवाजी महाराजांच्या वडिलांचं नाव एका फकिराच्या ऋणाचं आहे. त्या काळी कुणी अर्थ विचारत बसल्याचं दिसत नाही.

आडनावाचंही उदाहरण आहे, आणि ते महाराष्ट्रातल्या सर्वांत मोठ्या आडनावाचं आहे. बाबासाहेबांचं घराणं सकपाळांचं, गाव मंडणगडकडचं आंबडवे. साताऱ्याच्या सरकारी शाळेच्या रजिस्टरात ७ नोव्हेंबर १९०० रोजी भिवा रामजी आंबेडकर अशी नोंद आहे. त्या दिवशी आता राज्यात विद्यार्थी दिवस पाळतात. आंबेडकर नावाच्या एका ब्राह्मण मास्तरांनी गावावरून पडलेलं लांबलचक आडनाव काढून आपलं सुटसुटीत आडनाव लिहिलं, मधल्या सुट्टीत ते आपल्या डब्यातली भाजी-भाकरी देत, ही हकिकत खुद्द बाबासाहेबांनी सांगितलेली आहे. तिकडे बुकर, इकडे भिवा. दोन्हीकडे शाळेचं रजिस्टर आणि दोन्हीकडे वहीत उतरलेलं दुसऱ्या कुणाचं नाव. पण नाव देणाऱ्याचं पुढे काय होतं, तेही पाहा. आज ‘आंबेडकर’ म्हटल्यावर मास्तर कुणाला आठवत नाहीत. नाव पूर्णपणे त्या पोराचं झालं. नाव द्यायचं म्हणजे इतकं द्यायचं.

आणि पुण्यात, त्याच्याही आधी, काशीबाई नावाच्या ब्राह्मण विधवेचा मुलगा १८७४ साली फुल्यांच्या घरी दत्तक गेला आणि यशवंत जोतीराव फुले म्हणून वाढला. आडनावानं जात ओलांडायची वाट या शहरात दीडशे वर्षांपूर्वी पडलेली आहे. गंमत म्हणजे दीडशे वर्षं तिच्यावर फारसं कुणी चाललं नाही.

पुणेकराला आडनाव पहिल्या जागी आणता येत नाही असं मात्र नाही. उलट, यात आमचा हात कुणी धरणार नाही. माझ्या वर्गात चार अमोल होते. मग काय करणार? एक जोश्या, एक पाटल्या, एक कांबळ्या आणि एक शेख. (शेखला आ-कार लावता येईना म्हणून तो शेखच राहिला, आणि त्याचं त्याला वाईट वाटायचं.) पन्नाशी उलटली तरी जोश्याची बायको फोन उचलते तेव्हा ‘अमोल आहे का?’ हे विचारायला मला क्षणभर आठवावं लागतं. कट्ट्यावर आडनावाचं असं पहिलं नाव होतं तेव्हा त्यातली जात खरंच गळते. जोश्या म्हणजे तो, उधारी न फेडणारा, कव्हर ड्राइव्ह झकास मारणारा. कुळाचा पत्ता कुठं?

पण तेच नाव घर भाड्यानं घ्यायला गेलेल्या माणसाच्या तोंडून निघालं की काय होतं, हेही मी पाहिलंय. कांबळ्याबरोबर मी स्वतः हिंडलोय. एजंट फोनवर छान बोलायचा, भाडं-डिपॉझिट ठरायचं, आणि मग, “सर, पूर्ण नाव काय म्हणालात?” त्यानंतर मालकांचे पाहुणे यायचे असत. दोन महिन्यांत पाच मालकांचे पाहुणे आले. पाटलांनासुद्धा सुटका नाही. ‘पाटील म्हणजे कुठले?’ हा प्रश्न भूगोलाचा नसतो. जोशी असला तर पुढची चौकशी कोकणस्थ की देशस्थ. आडनाव सांगितलं की माणूस आत यायच्या आधी त्याची वंशावळ खुर्चीवर येऊन बसते.

म्हणून अनेकजण म्हणतात, आडनावच काढून टाका. तमिळनाडूनं ते केलं. १९२९ साली चेंगलपट्टूच्या स्वाभिमान परिषदेनं जातीची नावं टाकायचा ठराव केला, पेरियारांनी स्वतःचं ‘नायकर’ सोडलं. तिथं मुलाचं नाव आणि बापाचं आद्याक्षर किंवा नाव, एवढंच उरलं. तिथं वॉशिंग्टन, लेनिन, नेहरू ही आडनावं मुलांची नावं होऊ शकली ती त्यामुळेच. १ मार्च १९५३ला जन्मलेल्या मुलाचं नाव करुणानिधींनी स्टालिन ठेवलं. चारच दिवसांनी खरा स्टालिन वारला, आणि हा पुढे मुख्यमंत्री झाला. नाव कसलं निवडलं याबद्दल मत असू शकतं, पण निवडायला जागा होती.

मला ही वाट मान्य आहे, पण अपुरी वाटते. तमिळनाडूत आडनावं गेली तरी जात गेली नाही, ती दुसरीकडून विचारतात. शिवाय आडनाव टाकणाऱ्याला जगातले संगणक आवडत नाहीत. आपल्या पासपोर्टवर आडनावाचा रकाना रिकामा ठेवता येतो, पण २०२२च्या नोव्हेंबरात संयुक्त अरब अमिरातींनी एकाच नावाच्या पासपोर्टवर पर्यटक व्हिसाला नकार द्यायला सुरुवात केली. रकान्यापुढे लाल चांदणी असते आणि चांदणीशी वाद घालता येत नाही.

माझं म्हणणं असं की आडनाव फेकण्यापेक्षा ते सुटं करावं. कायद्यानंही आणि मनानंही. महाराष्ट्रानं अर्धं पाऊल टाकलंय. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम आला. आईला जागा मिळाली हे उत्तमच. पण शेवटच्या रकान्याला कुणी हात लावलेला नाही. तो बापाच्या कुळाचाच, हे गृहीत आहे. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयानं पतीच्या मृत्यूनंतर पुनर्विवाह केलेल्या आईला मुलाचं आडनाव ठरवण्याचा अधिकार आहे असं सांगितलं. मग तोच अधिकार सगळ्याच आईबापांना, भांडण कोर्टात न नेता, जन्माच्या दाखल्यावर का नसावा? आईचं माहेरचं आडनाव, आजोळच्या गावाचं नाव, दोघांचं नवं आडनाव, किंवा काहीच नको. चारही पर्याय फॉर्मवर छापलेले असावेत. नाहीतरी मुलाचं नाव नोंदवायला कायदा पंधरा वर्षांपर्यंत मुभा देतो. आडनावाला इतकी घाई कशाला?

यावर एक आक्षेप येतो आणि तो खरा आहे. कांबळ्यानंच घेतला. तो म्हणाला, “आम्ही आडनाव बदललं की तुम्ही म्हणता जात लपवली. नाही बदललं की घर मिळत नाही. तुझ्या फॉर्मनं मला काय मिळणार?” मला उत्तर द्यायला थोडा वेळ लागला. आजवर आडनाव बदलण्याची वाहतूक एकाच दिशेनं झाली. ज्याला टोचतं त्यानंच काटा काढायचा. गावावरून ‘कर’ लावायचं, राजपत्रात जाहिरात द्यायची, शाळेच्या दाखल्यासाठी खेटे घालायचे, आणि वर संशय सोसायचा. जोश्यानं किंवा मी कधी काही बदलल्याचं उदाहरण नाही. वाहतूक दुसऱ्या बाजूनं सुरू झाल्याशिवाय शब्द रिकामा होत नाही. कोथरूडच्या घरात कांबळे नावाचा, पहिलंच नाव कांबळे असलेला, मुलगा खेळायला हवा. कुणाच्या दयेपोटी मात्र नको. त्या घरावर एखाद्या कांबळ्यांचं ऋण असेल, म्हणून हवा.

‘असं कसं कुणी ठेवेल?’ गहुंज्याचा प्रश्न परत आला.

तर माझंच सांगतो. माझे वडील पुण्यात आले ते कामावर टॅली लिहायला. बांधकामावर रात्री पोती मोजायची, दिवसा ओव्हरसीअरच्या कोर्सला बसायचं. दुसऱ्या वर्षी फीचे पैसे नव्हते. त्या कामावरच्या मिस्त्रींनी ते भरले. मुख्य गवंडी ते. ओळंबा लावून भिंतीकडे एक डोळा मिटून पाहायचे, आणि बोटांच्या चिरा चुन्यानं पांढऱ्या झालेल्या, असं वडील सांगत. पैसे परत घ्यायला ते कधी आलेच नाहीत. ही गोष्ट आमच्या घरी दर दिवाळीला निघायची. आम्ही भावंडांनी ती इतकी ऐकली की पुढचं वाक्य आम्हीच म्हणायचो. आणि बारशाच्या रात्री जिना उतरताना माझ्या लक्षात आलं की त्या माणसाचं नाव मला माहीत नाही. मिस्त्री, एवढंच. वडील गेले, आई गेली, मोठ्या भावाला फोन केला. तो म्हणाला, “अरे, मिस्त्रीच म्हणायचे त्यांना.” चाळीस वर्षं त्यांच्या उपकाराची गोष्ट सांगणाऱ्या घरात त्यांचं नाव कुणी सांगितलं नाही, कारण कुणी विचारलंच नाही.

माझं नाव पत्रिकेत ‘र’ आलं म्हणून ठेवलेलं आहे. अर्थ चांगला आहे. विष्णूशी काहीतरी संबंध आहे त्याचा.

सुंदरला निदान वॉशिंग्टन हे नाव ठाऊक होतं. आमच्यासारख्या घरांना नाव शोधण्यापासून सुरुवात करावी लागेल, आणि पुष्कळदा ते मिळणारही नाही. मग धंद्याचंच नाव घ्यावं लागेल, मध्ययुगातल्या इंग्रज गावकऱ्यांनी घेतलं तसं. तेव्हा काकूंच्या मुलानं काहीच वावगं केलं नव्हतं. चुकलो ते आम्ही, गवंड्याला घाईघाईनं विश्वकर्मा करणारे. देव करून टाकला की माणसाला नावानं हाक मारायची गरज राहत नाही.

पोर आता परत गेलंय. काकू रोज रात्री साडेआठला व्हिडिओ कॉल लावतात आणि ऐकायला कमी येत असल्यामुळे सगळ्या इमारतीला ऐकवतात. आधी मेसू होता. नंतर काही दिवस, बारशातल्या गोंधळामुळे असेल, त्या त्याला नुसतं ‘बाळ’ म्हणत होत्या. गेल्या आठवड्यात मी जिन्यात किल्ली शोधत उभा होतो तेव्हा वरून आवाज आला, “काय रे गवंड्या, जेवलास का? आणि ते ठोकळे पाडतोस काय नुसते? रच की जरा!”